आईची रात्र, बहिणीची फिल्म

माझ्या धाकट्या बहिणीने आमच्या आईवर एक छोटी फिल्म केली आणि ती चांगली झाली. यातला दुसरा भाग कबूल करायला मला बरेच महिने लागले. पहिल्यांदा ती पाहायला गेले तेव्हा ती पडावी, लोकांनी जांभया द्याव्यात, एवढंच माझ्या मनात होतं.

आम्ही लालबागला चाळीत राहतो. आम्ही म्हणजे आई आणि मी. वडील गेल्यापासून दोघीच. एक खोली, तिच्यातच मोरी, वर माळा, बाहेर सगळ्यांची मिळून एक लांब गॅलरी आणि गॅलरीच्या टोकाला संडास. मी दादरच्या एका शाळेच्या ऑफिसात काम करते. लग्न केलं नाही, आणि का केलं नाही हे विचारणारेही आता थकलेत. बहीण माझ्याहून बरीच लहान. तिने लग्न केलं, जाहिरातींच्या फिल्म करायचं काम धरलं आणि प्रभादेवीला टॉवरमध्ये राहायला गेली. लालबागहून प्रभादेवी म्हणजे काही सातासमुद्रापार नाही. पण ती यायची असली की आईची अशी धांदल उडते, जणू लेक बोटीतून उतरून येतेय.

बाजारात गाबोळीचा मासा मिळाला की अंड्यांची ती गाबोळी आधी बाजूला निघते. धाकटी येणार असेल तर तिच्यासाठी, येणार नसेल तरी "इला तर" म्हणून. मी रोज पानावर असतेच. "तुका काय, तू घरातलाच," असं आई तिच्या मालवणीत म्हणते. तिच्या लेखी हे कौतुक आहे. मला मात्र ते ऐकलं की घरातलं पिंप, घरातला पाट, घरातली मी, अशी रांग दिसते. पिकतं तिथे विकत नाही म्हणतात ते काही खोटं नाही.

गेल्या हिवाळ्यात एका संध्याकाळी ती आली, पोटभर जेवली आणि हात धुता धुता म्हणाली, "आई, मला तुझ्या रात्रीवर फिल्म करायचीय."

आई म्हणाली, "रातीक काय असता? झोपतंव."

"तेच हवंय मला. काही नसतं, तेच. आपल्या घरातली साधी रात्र. कुणी बोलत नाही, काही घडत नाही, नुसती शांतता."

आई लाजली. माझी आई, जी भाजीवाल्याला लाजत नाही की मंडळाच्या अध्यक्षाला, ती लाजून पदर सारखा करायला लागली. मी भांडी घासत होते. माझ्या हातून एक पेला जरा जोरातच आपटला.

मग बहिणीने मला गॅलरीत बोलावलं. "ताई, आई झोपायच्या आधी काय काय करते गं? मला आता आठवत नाही सगळं." आणि मी मूर्खासारखी सांगत सुटले. दुधावर ती आधी जाळी ठेवते आणि मग जाळीवर वाटी. गॅसचा कॉक बंद करते, अंथरुणाला पाठ टेकते आणि परत उठून तो पाहून येते. वडिलांच्या फोटोला हात लावत नाही, फोटोखालच्या भिंतीला लावते. अंथरुणावर पडल्यावर पायाचा अंगठा हलवत राहते आणि अंगठा थांबला की समजायचं, झोप लागली. रात्री उठावं लागतं, तेव्हा टॉर्च घेते, पण पेटवत नाही; लोकांच्या डोळ्यांवर उजेड नको म्हणून. मी सांगत होते आणि बहीण मोबाइलवर भराभर टाइप करत होती. "ताई, हे भारी आहे. हे कसलं भारी आहे!" आयत्या बिळावर नागोबा, दुसरं काय. बीळ खणणारीला कुणी फोटोत घेत नाही.

एक गोष्ट मी सांगितली नाही, कारण ती सांगायची असते हेच मला सुचलं नाही. आई रात्री उठते तेव्हा मीही उठते. मागच्या वर्षी ती गॅलरीत पाय घसरून पडली होती. तेव्हापासून ती पुढे आणि मी मागे, अशी आमची वरात संडासापर्यंत जाते. ती म्हणते, "कित्याक उठतंस?" मी म्हणते, "मलाही जायचंय." हे आमचं ठरलेलं खोटं आहे आणि दोघींनाही ते माहीत आहे.

शूटिंगच्या आदल्या रविवारी बहीण पुन्हा आली. खोली मापून झाली, कॅमेरा कुठे ठेवायचा ते ठरलं. आई वाटीत वाल घेऊन सोलत बसली होती. बहीण माझ्या शेजारी येऊन बसली, तेव्हाच मला काहीतरी शिजत असल्याचा वास आला.

"ताई, रागावू नकोस. त्या रात्री तू शेजारच्या काकूंकडे झोपशील?"

"का?"

"तू घोरतेस गं. साउंडचा प्रॉब्लेम होतो. अख्खी फिल्मच शांततेवर आहे."

"नंतर काढून टाक की. तुमची मशीन्स असतात ना."

"ते तसं निघत नाही, ताई. आणि फ्रेमही टाइट होतेय. आई एकटी दिसली पाहिजे."

मी आईकडे पाहिलं. मला वाटलं, आई काहीतरी बोलेल. 'अगो, ह्या हयच झोपता' एवढं जरी म्हणाली असती तरी पुष्कळ होतं. आईने एक वाल सोलला, दुसरा घेतला. तिने मान वर केली नाही. घोरते हे मला माहीत आहे, त्याची लाज वाटायचं वय गेलं. पण स्वतःच्या घरातून मला हलवलं जात होतं, आणि जिच्या पायाशी मी इतकी वर्षं झोपले ती वाल सोलत होती.

"झोपेन की," मी म्हटलं. "मला काय, चाळच आपली आहे."

आता चाळीचं सांगते, कारण त्या रात्रीची शांतता कशी झाली ते सांगितल्याशिवाय राहवत नाही. बहिणीने मजल्यावर फिरून सगळ्यांना गोड शब्दांत सांगितलं होतं की त्या दिवशी रात्री जरा आवाज कमी ठेवा, सहकार्य करा. ती फार वर्षं बाहेर राहिली म्हणून विसरली. लालबागला कुणाकडे सहकार्य मागू नये, ते मिळतं. संध्याकाळीच मंडळाची मीटिंग झाली. अध्यक्ष आमच्याच मजल्यावर राहतात. त्यांनी गणपतीतले उरलेले बिल्ले काढले आणि पोरांच्या छातीवर 'स्वयंसेवक' म्हणून लावले. कुकर कुणी लावायचा नाही, पाण्याचा पंप चालवायचा नाही, टीव्ही बंद, हे जिन्याजिन्यावर सांगून झालं. खालच्या मजल्यावरच्या आजोबांना खोकला आहे, तर त्यांना त्यांच्या लेकीकडे भांडुपला पाठवलं. एक खोकणारा चाळीतून आणि एक घोरणारी खोलीतून, असे आम्ही दोघे हद्दपार झालो.

बाकी सगळे मात्र हजर होते. साध्या रात्रीचं शूटिंग पाहायला लोक खुर्च्या घेऊन गॅलरीत बसले. बायका बसल्या, बाप्ये कठड्याला टेकले, वरच्या मजल्यावरून माणसं ओणवी झाली. कुणीतरी सगळ्यांना चहा फिरवला. बहिणीने हात वर केला, तसे अध्यक्ष पुढे आले आणि शांतता सुरू झाल्याची खूण म्हणून त्यांनी कचकचून शिट्टी फुंकली. आवाज टिपणाऱ्या मुलीने कानावरचे हेडफोन ओढून काढले आणि ती जिन्यावर जाऊन बसली. मी काकूंच्या दारात उभी राहून हसले. त्या रात्री मी तेवढंच हसले.

नंतर मात्र खरंच कुणी हूं की चूं केलं नाही. एवढी माणसं काळोखात बसून एका खोलीच्या दाराकडे पाहत होती आणि त्या दाराआड माझी आई मी सांगितलेलं सगळं करत होती. जाळी, वाटी, कॉक, भिंत. हळूहळू लोक कंटाळून झोपायला गेले. काकूंनी माझ्यासाठी चांगली नवी चादर अंथरली होती. नव्या चादरीला कडक खळ असते, ती टोचते. मी जागीच होते.

मग आमची कडी वाजली. काकूंचं दार मी किलकिलं ठेवलं होतं. आई बाहेर आली, हातात न पेटवलेला टॉर्च. मी चटकन उठले आणि दाराला हात घातला, तर पलीकडे बहीण दिसली. तिने मला पाहिलं आणि तळहात दाखवला, थांब म्हणून. कॅमेरा आईच्या मागे होता. माझ्या जागेवर. आई एका हाताने कठडा धरत धरत गेली, अख्खी गॅलरी, एकटी. एकदा ती थांबली आणि तिने मागे मान वळवली. मग पुन्हा चालायला लागली. ती परत येऊन कडी लागेपर्यंत मी तिथेच उभी होते, आणि बहिणीला तेव्हा मी मनात काय काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही.

फिल्म दाखवली ती दादरला, एका छोट्या हॉलमध्ये, रविवारी सकाळी. अशाच आणखी दोन-तीन फिल्मही होत्या. आई ठेवणीतली नारायणपेठ नेसून आली होती. बहिणीने तिला हाताला धरून पहिल्या रांगेत नेलं आणि आपल्या शेजारी बसवलं. बहिणीच्या पलीकडच्या खुर्चीवर तिची पर्स होती आणि पर्सच्या पलीकडे मी. पर्स उचलायची मी वाट पाहिली. दिवे गेले तरी ती उचलली गेली नाही.

आणि पडद्यावर आमची खोली आली. मला ती ओळखूच येईना, इतकी ती सुंदर दिसत होती. भिंतीचे पोपडेसुद्धा देखणे दिसत होते. आईचे हात दुधावर जाळी ठेवताना एवढे मोठे दिसले की त्यावरच्या शिरा मी पहिल्यांदाच पाहिल्या. शेजारी रोज असतात ते हात! काखेत कळसा म्हणतात ते हेच असावं. मला हेवा वाटला, साधासुधा नाही. मी हे सगळं रोज पाहते आणि तिने एका रात्रीत ते माझ्याहून जास्त पाहिलं.

मग मोरीचा शॉट आला. मोरीच्या कट्ट्यावर स्टीलचा पेला असतो, त्यात आमचे दोन ब्रश असतात. आईचा हिरवा, माझा निळा. पडद्यावर पेल्यात एकच ब्रश होता. मी नीट पाहिलं. दोरीवर माझा गाऊन नव्हता. फडताळात माझ्या गोळ्यांचा डबा नव्हता. माझी उशी, माझा चष्मा, खिळ्याला लटकणारी माझी ऑफिसची पिशवी, काही म्हणजे काही नव्हतं. मला एका रात्रीपुरतं शेजारी पाठवलंय असं मी समजत होते. इथे मी त्या घरात कधी राहिलेलीच नव्हते. शेजारी काळोखात बहीण आईच्या कानात काहीतरी सांगत होती आणि आई मान डोलवत होती.

पुढे आई अंथरुणावर पडलेली होती, डोळे उघडे. हा शॉट फार लांब होता. ती छताकडे पाहत होती, कुशीवर वळत होती, परत छताकडे पाहत होती. तिचा पायाचा अंगठा हलत होता. थांबतच नव्हता. हॉलमध्ये कुणी खोकलंसुद्धा नाही. मागून कुणीतरी नाक पुसल्याचा आवाज आला. मग गॅलरी, न पेटवलेला टॉर्च, कठड्यावरून सरकणारा हात. तिने मागे वळून पाहिलं तेव्हा तिचा चेहरा कॅमेऱ्याकडे आला, आणि तिथेच फिल्म संपली. टाळ्या संपेचनात. बाया उठून आईच्या पाया पडायला लागल्या.

नंतर बहिणीला आणि आईला पुढे खुर्च्यांवर बसवलं आणि लोकांनी प्रश्न विचारले. बहीण छान बोलली. शांतता कशी प्रत्येक घराची वेगळी असते वगैरे. मग एका मुलीने माइक घेतला आणि आईलाच विचारलं, "आजी, तुम्ही त्या शॉटमध्ये जाग्या आहात ना, तेव्हा मला रडूच आलं. तुम्हाला रात्री असं एकटं वाटतं का हो रोज?"

बहिणीने माइक आईच्या तोंडाशी धरला. आई आधी गोंधळली. "मी काय सांगतलंय? माका काय कळणा नाय ह्येच्यातला." लोक कौतुकाने हसले. मग ती म्हणाली, "रोज वाटणा नाय. त्या राती वाटला."

"त्याच रात्री का?"

"त्या राती ह्या नव्हता ना." आईने हात केला तो थेट माझ्याकडे. "माझा मोठा चेडू. हेंनी शेजारी धाडलां त्येका. ता घोरता ना! ह्याचा घोरणा आयकल्याशिवाय माका झोप येणा नाय. तळमळत होतंय नुसता."

हॉल हसून हसून फुटायचा बाकी राहिला. सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. भर दादरात, शंभरेक शिकल्यासवरल्या लोकांत, माझ्या आईने मी घोरते हे माइकवरून जाहीर केलं होतं. आणि मी खुर्चीत अशी ताठ बसले होते, जणू माझा शाल-श्रीफळ देऊन सत्कार चालला आहे. इतका आनंद मला आयुष्यात फार थोड्या वेळा झाला असेल.

बहीणही हसली. चटकन सावरून म्हणाली की हाच तर फिल्मचा अर्थ आहे, जवळच्या माणसाचं नसणं. पुन्हा टाळ्या पडल्या. पण माइक खाली ठेवताना तिने माझ्याकडे पाहिलं. ती नजर मला नवी नव्हती. गाबोळीच्या वाटीकडे मी ज्या नजरेने पाहते, तीच होती.

परत येताना टॅक्सी केली. मागे आम्ही तिघी, आई मध्ये. आधी प्रभादेवी, मग लालबाग, असं ठरलं. मग बहीण खिडकीबाहेर पाहत म्हणाली, "आई, मी होते की खोलीत. अख्खी रात्र. कॅमेऱ्यामागे तुझ्यापासून हाताच्या अंतरावर होते."

"होतंस गो," आई म्हणाली. "पण तू कामाक इल्लंस."

आईच्या मनात टोचायचं नव्हतं. कुणी बाजारात गेलं होतं, कुणी कामाला आलं होतं, असं सांगावं तितक्या सहज तिने ते सांगितलं. बहिणीने हं म्हटलं. सिग्नलला टॅक्सी थांबली तेव्हा तिने डोळ्यांवर गॉगल चढवला.

प्रभादेवी जवळ आली तशी ती म्हणाली, "आज येऊ का मी? झोपायला तिकडे?"

लग्न झाल्यापासून तिने हे कधी विचारलं नव्हतं. विचारताना तिचा आवाज शाळेतल्या पोरीसारखा झाला होता. आई माझ्याकडे पाहत राहिली. आमच्या खोलीत अंथरूण मी घालते, कोण कुठे झोपणार ते मी ठरवते, म्हणून उत्तर माझ्याकडे होतं. दोन शब्दांचं काम होतं. ये की. एवढंच म्हणायचं होतं. जागाही होती. मी भिंतीकडे सरकले असते तर तिघी आरामात मावलो असतो.

मी म्हटलं, "तुला सकाळी लवकर असतं ना?"

"हो," ती म्हणाली. "ते आहेच."

टॉवरच्या गेटपाशी टॅक्सी थांबली. तिने वाकून आईच्या गालाला गाल लावला, मला हात केला आणि पर्स सांभाळत आत गेली. वॉचमनने तिला सलाम ठोकला. टॅक्सी सुटली.

मी खिडकीची काच खाली केली. माझ्या एका बाजूला आई आणि तिच्या पलीकडे अख्खी सीट मोकळी होती. आई मध्येच बसून होती, दोन्ही गुडघे जुळवून, माणसांनी भरलेल्या गाडीत बसावं तशी.

"आई, सरक ना पलीकडे. मोकळी बस."

"रवांदे," आई म्हणाली. लालबाग येईपर्यंत ती हलली नाही.